लाभ, दोन, तीन

…आन वरून मलाच इचारतो, दाजी, एक गोनी कुठं गेली? मला. भरल्या हॉलमधी, पुन्याच्या मॅडमसमोर, माज्या आईसमोर, बायकोसमोर, आन इचारनारा कोन, तर माजा सख्खा मेव्हना. आवो, मी मापाडी मानूस. माजा बाप मापाडी. वीस वरसं मार्केट यार्डात काट्याजवळ उभा राहून मी कांद्याच्या गोन्या मोजल्या, उन्हात मोजल्या, थंडीत मोजल्या, अंगात ताप असताना मोजल्या, एकदा तर दाढ ठनकत हुती म्हनून दाताखाली लवंग धरून मोजल्या, आन तुमाला सांगतो, वीस वरसात एक गोनी कमी पडली न्हाई. आन त्या दिवशी दहा गोन्या, फक्त दहा, डोळ्यांसमोर, एसीच्या गारव्यात… आन पडली कमी.

आता तुमी म्हनाल, हा मापाडी एसीत काय करत हुता? तेच तर सांगतो, जरा दम खा.

मापाडी म्हंजी काय ते शहरातल्या मानसाला ठावं नसतं. शेतकरी माल आनतो, आडत्या घेतो, आन दोघांच्या मधी काट्याजवळ जो उभा राहतो, वजन बघून मोठ्यानं पुकारतो आन गोन्या मोजतो, तो मापाडी. शेतकऱ्याला वाटतं हा आडत्याचा, आडत्याला वाटतं हा शेतकऱ्याचा, म्हंजी कुनाचाच न्हाई, आन म्हनूनच त्याच्या आकड्यावर दोघांचा इस्वास. छातीवर पितळंचा बिल्ला असतो. माजा नंबर सतरा. आदी वडलांच्या छातीवर हुता, मंग माज्या.

आन मोजायची बी रीत हाय आमच्यात. पहिल्याला एक म्हनायचं न्हाई. पहिल्याला म्हनायचं लाभ. लाभ, दोन, तीन, चार… असं. खळ्यावर ज्वारी मापताना वडील लाभच म्हनायचे, मी गोन्यांना म्हनतो. एक म्हनलं की मालाची बरकत एकावरच थांबती म्हनं. खरं का खोटं, आपल्याला काय ठावं, पन लहानपनी मी एकदा एक म्हनलो आन वडलांनी असा धपाटा घातला पाठीत, की तवापासून मोजताना ह्या तोंडातून एक निघतच न्हाई. एस्टीत कंडक्टरनं इचारलं, किती? माज्या तोंडून गेलं, लाभ. तो म्हनला, हे लाभ कुठल्या फाट्यावर येतं?

तर असं सगळं बरं चाललं हुतं. तोवर आमच्या आडत्यानं, आप्पासाहेबांनी, नवा काटा आनला. बोलनारा काटा. गोनी ठेवली की त्यातनं एक बाई बोलायची. 'बॅग नंबर वन. फिफ्टी टू पॉईंट फोर.' ऐकलं का? बॅग नंबर वन. पहिल्याच गोनीला वन. म्हंजी अपशकून तो अपशकून, आन तो बी इंग्रजीत. शेतकरी बिचारा माज्याकडं बघायचा, मी आप्पासाहेबांकडं बघायचो, आन बाई आपली कुनाकडं न बघता पुढचं बोलायची.

मी म्हनलो, "आप्पासाहेब, मंग मी काय करायचं?"

आप्पासाहेब लई गोड मानूस. खांद्यावर हात ठेवला. "कानिफ, तू कुठं जाऊ नको हां. काट्याजवळ मापाडी असलेला बरा दिसतो. तू नुसता उभा ऱ्हा."

नुसता उभा ऱ्हा. ज्याच्या आवाजावर आख्ख्या यार्डाचं ध्यान असायचं, त्याला सांगतात नुसता उभा ऱ्हा. दोन महिने राहिलो उभा. लई वाईट वाटलं मला, खोटं कशाला बोलू? घरी आलो तरी बोलावंसं वाटायचं न्हाई. भाकरी खायचो आन गप पडायचो. एक दिवस आमची मंडळी, पूजा, म्हनली, "आवो, तुमचा आवाज बसलाय का?"

मी म्हनलो, "आवाज न्हाई बसला. आवाजाच्या जागंवर बाई बसलीय."

"कोन बाई?"

झालं. पुढचा अर्धा तास ती बाई म्हंजी काटा हाय, हे समजावन्यात गेला. पन पूजाचं डोकं बघा. सगळं ऐकून घेतलं आन म्हनली, "त्या बाईला बोलायला कुनीतरी शिकवलंच असंल की. मंग तुमी शिकवनारे व्हा. उभं कशाला राहता?"

आन मोबाईलवर तिनंच शोधलं. 'चार महिन्यांत सॉफ्टवेअर डेव्हलपर व्हा. वयाची अट नाही. कोडझेप कोडिंग बूटकॅम्प, सावेडी.' खाली एका पोराचा फोटो, हाताची घडी, हसतोय. एवढं हसायला येतं त्या धंद्यात, तर बघू म्हनलं.

आता खरी गंमत पुढं हाय. आईनं ते ऐकलं. माजी आई छबूबाई, कानानं जरा जड. तिला दोनच शब्द ऐकू आले. बूट. आन कॅम्प. आन नगरला कॅम्प म्हनलं की आमच्याकडं एकच कॅम्प, भिंगारचा. रनगाडेवाला. दिस मावळायच्या आत आळीभर झालं, छबूबाईचा कानिफ मिल्ट्रीत लागला.

मी म्हनलो, "आई, एकोनचाळिसाव्या वरसी मिल्ट्री घेती का कुनाला?"

आई म्हनली, "मापाडी हायस न्हवं? तोफंचे गोळे मोजायला घेतलं आसंल."

दुसऱ्या दिवशी एस्टीच्या थांब्यावर लोक निरोप द्यायला. कुनी नारळ दिला, कुनी मफलर दिला. म्हनं तिकडं बर्फ असतो. आवो, सावेडीत कुठला बर्फ? आन बन्सी, माजा मेव्हना, कानाशी येऊन, "दाजी, मिल्ट्री कँटीनचं काय जमतं का बघा की. दोनच बाटल्या." मी रोज सकाळी राहुरीहून जायचो आन रोज संध्याकाळी परत यायचो, तरी लोकांना वाटायचं, काय चांगली मिल्ट्री हाय, रोज घरी सोडती.

ह्या बन्सीलाच मी चार महिन्यांसाठी काट्याजवळ उभं केलं. बोली अशी झाली, की मला नोकरी लागली तर सतरा नंबरची जागा कायमची बन्सीची, न्हाई लागली तर मी परत. म्हंजी बघा, मला नोकरी लागावी म्हनून सगळ्यात जास्त देव बन्सीनं पान्यात घातले हुते. आन हाच बन्सी… जाऊ द्या, येईल ते पुढं.

पहिला दिवस. दुसरा मजला, खाली मिसळीचं हॉटेल. वर्गात वीस पोरं, मिशी फुटायच्या बेतातली. आन सर आमचे केविन सर, श्रीरामपूरचे, वय तेवीस. माजा बिल्ला त्यांच्यापेक्षा वयानं मोठा. मी दारात उभा राहिलो तर म्हनले, "काका, पालकांची मीटिंग शनिवारी आहे." म्हनलं, "सर, मीच पाल्य हाय."

बसलो. पलीकडं पार्थ नावाचं पोरगं. त्याला सगळं आदीच येत हुतं. मंग आला कशाला, हे मला चार महिन्यांत कळलं न्हाई. केविन सरांनी फळ्यावर चौकोन काढले एका रांगेत आन म्हनले, "कॉम्प्युटर मोजतो तेव्हा पहिल्याला एक म्हणत नाही. तो शून्यापासून सुरू करतो. पहिल्या चौकोनाचा नंबर शून्य."

पोरं लागली एकमेकांच्या तोंडाकडं बघायला. सर, असं कसं? सर, पहिला म्हंजी एकच ना? आन मी, तुमाला सांगतो, मी उठून उभा राहिलो. अंगावर काटा आला माज्या. मी म्हनलो, "सर, मंग हा कॉम्प्युटर आमच्यातलाच हाय की."

आन सगळं सांगितलं. लाभ काय, धपाटा काय, कंडक्टर काय. केविन सर डोळं मोठं करून ऐकत राहिले. मंग फळ्याजवळ गेले, शून्य पुसलं आन तिथं लिवलं, लाभ. म्हनले, "काका, चौथी बॅच आहे माझी. शून्याची गोष्ट इतकी लवकर कुणालाच पटली नव्हती. तुम्ही जन्मजात प्रोग्रामर आहात."

जन्मजात. घरी जाऊन पूजाला सांगितलं, आईला सांगितलं, बन्सीला फोन करून सांगितलं. त्या एका शब्दानंच घात केला माजा. तवा कळलं न्हाई. मानसाला पहिल्याच दिवशी शाबासकी देऊ नये, दुसऱ्या दिवसापासून त्याचं ध्यान उडतं.

आन पुढचं काय सोपं हुतं म्हनता? टायपिंग मी करायचो एका बोटानं. म्हंजी लाभ बोटानं. पोरं धडाधडा लिवायची आन मी आपला इंग्रजी अक्षर शोधतोय, शोधतोय, घावलं की दाबतोय. ओळीच्या पुढं मोकळी जागा सोडायची असती, ती कमी झाली तरी लाल अक्षरं, जास्त झाली तरी लाल अक्षरं. वीस वरसं मी आडत्या आन शेतकऱ्याच्या मधी उभा राहून मधला रस्ता काढला, थोडं तुमी सोडा, थोडं तुमी धरा, झालं गेलं मिटवा. ह्या कॉम्प्युटरसंगं मधला रस्ताच निघत न्हाई. मी म्हनायचो, आरं एवढं चालवून घे की, समजून घे. न्हाई. समजून घ्यायचंच न्हाई त्याला, आन पुना पुना तेच लाल.

पोरं म्हनायची, "काका, एआयला विचारा, तो लिहून देतो." मी म्हनलो, बाबांनो, एक बाई माज्या जागंवर बसली तर एवढा ताप झाला, आता शिकायला बी दुसऱ्यालाच बसवू का?

पन खरं सांगतो, दीड महिन्यानं माजा पहिला प्रोग्राम चालला. काय हुतं त्यात? पाच आकडे टाकायचे, बेरीज यायची. बस. पन ती बेरीज आली ना पडद्यावर, मला रडू आलं. उठून जिन्यात गेलो, खालून मिसळीचा वास येत हुता, तिथं उभा राहून रडलो. सांगायला लाज कसली? दोन महिने मुका असलेल्या मानसाचं कुनीतरी ऐकलं हुतं.

मंग शेवटचा प्रकल्प. ज्यानं त्यानं आपल्या मनानं कायतरी करून दाखवायचं, आन पुन्याच्या एका कंपनीच्या मॅडम येऊन बघनार, जागा एकच. केविन सरांनी इचारलं, काका, तुम्ही काय करणार? मी इचार बी केला न्हाई. म्हनलो, बोलता काटा. मराठीत. माज्या आवाजात. गोनी ठेवली की पडद्यावर ओळ उमटंल आन काटा मोजंल, लाभ, दोन, तीन.

आवाज भरायचा कुठं? वर्गात पोरांचा गलका, माज्या घरी म्हशीचा. केविन सर म्हनले, आमच्या घरी श्रीरामपूरला या. तिथं त्यांच्या आई, हेलनबाई. चर्चमधी पोरांना गानी शिकवतात, मोठी पेटी, शांत खोली. मला खुर्चीत बसवलं, पानी दिलं, आन म्हनल्या, "कानिफभाऊ, पोटातून आवाज काढा. कुणाला घाबरायचं नाही." मी म्हनलो, लाभ. त्या म्हनल्या, "छान. पण जरा लांबवा. आम्ही आमेन म्हणतो ना, तसं. लाऽऽभ." पेटीवर सूर धरला की हो बाईंनी. आन मी त्या सुरात लाऽऽभ म्हनलो. वडलांनी ऐकायला पाहिजे हुतं.

"आता पुढचा," केविन सर म्हनले. "शून्यावर लाभ झाला. आता एक म्हणा."

मी तोंड उघडलं. बंद केलं. पुना उघडलं. तुमाला सांगतो, घशाशी आलेलं एक परत खाली गेलं, पाठ आपोआप आखडली, वडलांचा हात पाठीवर पडतोय असंच वाटलं. तीनदा झालं. शेवटी हेलनबाईंना माजी दया आली. म्हनल्या, "नसेल येत तर राहू दे ती जागा मोकळी. गाण्यातही असा विराम असतो. उलट छान वाटतं, लाभ म्हटल्यावर माणसानं क्षणभर थांबावं."

किती चांगला इचार. मला बी पटला, केविन सरांना बी पटला. लाभ, मंग विराम, मंग दोन, तीन, चार. घरी आनलं, लॅपटॉपवर लावलं, डोळं मिटून ऐकलं. काय आवाज हो. माजाच, पन कायतरी येगळाच, मोठ्या मानसासारखा. केविन सर म्हनले, काका, नीट तपासून बघितलं ना? म्हनलो, धा वेळा ऐकलं सर. ऐकलं हुतं. मोजलं न्हवतं. मापाडी मानूस, वीस वरसात एक गोनी कमी पडली न्हाई, आन सोताच्या आवाजात असा गुंगला की मोजायचंच इसरला.

आला तो दिवस. एका मोठ्या हॉलमधी, एसी लावलेला. पूजा आली, नवी साडी. आई आली, तिला वाटलं परेड हाय. आप्पासाहेब आले, त्यांनीच बाई उपसून काढलेला काटा दिला हुता. आन बन्सी टेम्पोतनं कांद्याच्या दहा गोन्या घेऊन आला, एकेक खांद्यावर घेऊन दोन जिने चढला, घामानं निथळत, पन चेहरा कसा लग्नातल्यासारखा. दाजीला नोकरी लागनार, जागा आपली होनार. एसीत कांद्याचा वास असा पसरला, की मॅडमनी रुमाल काढला.

आदी पार्थचं झालं. फ्रीजमधी काय काय हाय ते मोबाईलला दाखवायचं, मोबाईल सांगतो आज काय रांधायचं. आई म्हनली, "हे त्याच्या आईला ठावं न्हाई व्हय?" मंग माजं नाव पुकारलं.

बन्सीनं पहिली गोनी ठेवली. आन आख्ख्या हॉलमधी, चारी भिंतींतनं, माजा आवाज.

लाऽऽभ.

आईनं हात जोडले. पूजाच्या डोळ्याला पानी. आप्पासाहेबांनी मान डोलावली. दुसरी गोनी, विराम. मॅडम पुढं सरकून बसल्या. तिसरी गोनी, दोन. चौथी, तीन. मी आपला डोळं मिटून उभा. तरंगत हुतो हो मी. चार, पाच, सहा, सात, आठ… बन्सीनं शेवटची गोनी ठेवली.

नऊ.

आन पडद्यावर मोठ्या अक्षरात, एकूण गोन्या, नऊ.

कुनाच्या ध्यानात आलं न्हवतं. शप्पथ सांगतो. मॅडम टाळ्या वाजवायला हात उचलत हुत्या. पन सगळ्या गोन्या खांद्यावर घेऊन दोन जिने कोन चढलं हुतं? तो कसा इसरंल? मागनं आवाज आला, "दाजी, एक गोनी कुठं गेली?"

ज्यानं माज्या नोकरीसाठी नवस बोलले, त्यानंच. भर हॉलमधी. पोरं हसली, मॅडमचे हात हवेतच राहिले.

माजं काय झालं सांगू? नोकरी गेली, हे ध्यानातच आलं न्हाई. डोक्यात एकच. कमी पडली. दोन पिढ्यांचा आकडा, सतरा नंबर, आन कमी पडली. मी मॅडमला म्हनलो, थांबा. पुढं गेलो, त्या गप झालेल्या काट्याजवळ उभा राहिलो, आन एकेका गोनीवर हात ठेवून तोंडानं मोजल्या. मोठ्यानं, यार्डात मोजतो तशा. लाभ. दोन. तीन… दहा. मधी विराम न्हाई. हॉलमधी मंग कुनी हसलं न्हाई.

आन तिथंच उभ्या उभ्या कळलं काय झालं ते. पहिली गोनी शून्यावर, तिथं लाभ. दुसरी गोनी एकावर, तिथं मी मुका. तिसरीला दोन, चौथीला तीन, अशी सगळी गाडी एकानं मागं. कॉम्प्युटर बिचारा बरोबरच मोजत हुता. आमच्यात लाभ म्हंजीच एक, हे मी त्याला सांगितलंच न्हवतं. मी समजत हुतो, आपलाच मानूस हाय, त्याला काय सांगायचं?

मॅडम लई चांगल्या. जवळ आल्या, म्हनल्या, "याला ऑफ बाय वन म्हणतात. एकाची चूक. आमचे मोठमोठे इंजिनिअर महिन्याला एकदा करतात. पण चुकीचं इतकं सुंदर कारण मी पहिल्यांदा ऐकलं." वहीत लाभ लिवून घेतलं त्यांनी. खाली दोन रेघा मारल्या.

आन पार्थला घेतलं.

बरोबरच हाय त्यांचं. वही येगळी, कंपनी येगळी.

मी जिन्यात जाऊन बसलो. केविन सर आले, लॅपटॉप मांडीवर ठेवला माज्या. "काका, दुरुस्त करून टाका आत्ताच, नाहीतर मनात राहील. लाभ त्या मोकळ्या जागेवर सरकवा, मग फक्त एक मिळवायचाय." बघितलंत का? जो एक मोजताना कधी तोंडातनं काढला न्हाई, तोच लिवायचा. मी आदी लाभला पुढं सरकवलं, मंग लाभ बोट उचललं, अधिकचं चिन्ह शोधलं, घावलं, दाबलं, मंग एक दाबला. पाठ आखडली जरा. पन धपाटा काय बसला न्हाई. चालवून बघितलं. लाभ, दोन, तीन… दहा. एक आत बसला, पन तोंडानं कुनी म्हनलं न्हाई. वडलांना बी चाललं असतं.

तेवढ्यात आप्पासाहेब जिन्यात आले. म्हनले, "कानिफ, झालं का बरोबर? मंग हे माज्या काट्याला बसवून दे. त्या बाईचं इंग्रजी शेतकऱ्याला कळत न्हाई, रोज भांडनं. तुझा आवाज सगळ्यांच्या वळखीचा हाय."

दिला बसवून. सोमवारी बन्सीनं बिल्ला परत केला, दोन मिनटं मुठीतच धरून बसला हुता. मी म्हनलो, बन्सी, तुला कुनी सांगितलं हुतं मोजायला? तो म्हनला, "दाजी, तुमीच शिकवलं की, डोळ्यासमोरचा माल मोजल्याबिगर हलायचं न्हाई." आईनं आळीत सांगितलं, कानिफ मिल्ट्रीतनं रिटायर झाला. चार महिन्यांत. लोकांना वाटतं लढाईत कायतरी करून आला असंल, अजून कँटीनचं इचारतात. पूजा एक दिवस मुद्दाम यार्डात येऊन काटा ऐकून गेली. म्हनली, "हाच आवाज घरी बी बसवा. घरी तर तुमी बोलतच न्हाई."

आन मी? मी उभा. त्याच जागी, त्याच काट्याजवळ, बिल्ला लावून. फरक एवढाच, की आदी बाई बोलायची आन मी गप, आता मीच बोलतो आन मीच गप. काटा खनखनीत मोजतो, पोटातून, आमेनच्या सुरात. वीस वरसात एक गोनी कमी पडली न्हाई, आन आता पडनार बी न्हाई, ती मिळवून ठेवलीय मी आत. लोक खूश. शेतकरी काट्याला रामराम घालतात. परवा तर एक म्हातारबाबा आले, टोपी सारखी केली, काट्याला हात जोडले, म्हनले, "कानिफराव, जरा दमानं मोजा." मला बरं वाटलं. मी म्हनलो, बाबा, कायबी काळजी करू नका.

बाबांनी माज्याकडं वरखाली बघितलं. "पावनं, तुमी जरा बाजूला सरा. कानिफरावांना मोजू द्या."

सरलो बाजूला. काय करता?